स्तेफनच्या सणाचा कोबी

आमच्या गावात नाताळच्या दुसऱ्या दिवशी, म्हणजे संत स्तेफनच्या सणाला, चर्चमध्ये कथा गाऊन सांगतात. फादर लॅटिनमधली एक ओळ वाचून थांबतात. मग गास्पार सुतार उभा राहतो आणि तीच ओळ आमच्या डोंगरी बोलीत, चालीवर, घोळवून घोळवून सांगतो. पुन्हा फादर, पुन्हा गास्पार. खालच्या शहरातले लोक म्हणतात, हे जुनाट झालं. असेना. कागदावरून वाचलेली पुष्कळ प्रवचनं मी ऐकली, ती कानापर्यंत पोचली. गास्पारचं गाणं कानाला न विचारता आत जातं. एका वर्षी ते रोझलीनच्या आत गेलं.

रोझलीन ही ओनोरीनबाईंची सून. ओनोरीनबाईंची सगळी हयात ग्रास शहरातल्या अत्तराच्या कारखान्यात गेली. जाईची फुलं निवडणाऱ्या बायकांवर त्या मुकादम होत्या. ओंजळभर फुलं नाकाशी न्यायच्या आणि ही पहाटे खुडलेली की उन्हं चढल्यावर, ते सांगायच्या. खोटं बोलणारीला कामावरून घरी पाठवायच्या. आमच्या मुलखात कुणाची अक्कल काढली तर तो हसून सोडून देईल, नाकाबद्दल बोललं तर पुढच्या पिढ्यासुद्धा बोलत नाहीत. आणि रोझलीन आली होती ती पार वरच्या अंगाच्या बकऱ्यांच्या वस्तीतून.

"गोठ्यात वाढलेलं नाक ते," सासूबाई चारचौघांत म्हणायच्या, "त्याला जायफळ काय आणि लेंड्या काय."

हेही एक वेळ चाललं असतं. पण मागच्या ईस्टरला रोझलीनने पहिल्यांदा स्वतःच्या हाताने अख्खा कोबी भरून शिजवला. सगळे टेबलाशी बसलेले. ओनोरीनबाई ताटलीवर वाकल्या, हुंगलं आणि म्हणाल्या, "तळ लागलाय. कोंबड्यांना घाला." तळ लागलेला नव्हता. रोझलीनचा नवरा एल्झेआर मान खाली घालून पाव कापत राहिला, आणि कोबी कोंबड्यांनी खाल्ला.

मग त्या वर्षीच्या पानगळीत ओनोरीनबाईंना मोठा ताप आला. तापातून उठल्या, हिंडूफिरू लागल्या, आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला, सर्व संतांच्या सणाला, रोझलीन अंगणातून घरात आली तर स्वयंपाकघरात डोळे झोंबतील असा जळका वास. दूध उतू जाऊन चुलीवर करपून काळं झालेलं, आणि चुलीकडे पाठ करून सासूबाई शांतपणे मोजे रफू करत बसलेल्या. रोझलीनने पातेलं उचललं, बाहेर नेऊन घासलं आणि कुणाला काही सांगितलं नाही. सासूबाईंनीही सांगितलं नाही. ते न सांगितलेलं रोझलीनने जपून ठेवलं, जसं कुणी दागिना जपतं तसं. दया आली म्हणून नव्हे. कधीतरी उपयोगी पडेल म्हणून.

आता स्तेफनच्या सणाच्या सकाळचं सांगतो. तेव्हा गावात फ्रीज आलेले नव्हते. प्रत्येक घराला उत्तरेच्या भिंतीत एक जाळीचं कपाट असायचं, थंडीत त्यात मांस टिकायचं. नाताळच्या दिवशी घरात सुरी चालवायची नाही, म्हणून सारण नाताळच्या आदल्या दिवशीच करून ठेवायचं: डुकराचं मांस बारीक चिरून, त्यात तांदूळ, कांदा, लसूण, हिरवी पानं आणि किसलेलं जायफळ. पण त्या वर्षी नाताळात समुद्राकडून ऊबदार वारा सुटला होता. लोक कोट काढून हातात घेऊन चर्चला जात होते.

ओनोरीनबाईंनी उकळत्या पाण्यातून काढलेला कोबी ओट्यावर घेतला. खाली सुताची जाळी पसरलेली. एकेक पान हलकेच उलगडून त्यांनी जाळीवर मांडलं, मोठ्या पानांवर त्याहून लहान, एखादं फूल उमलावं तसं. प्रत्येक थरावर सारण पसरायचं आणि शेवटी पानं आत वळवून पुन्हा अख्खा कोबी करायचा, जाळी ओढून वर गाठ मारायची, की रश्शात तो सुटत नाही. हात अजून तसेच चालत होते त्यांचे.

"सारण आण," त्या म्हणाल्या.

रोझलीनने कपाटातून वाडगं काढलं, वरचं फडकं दूर केलं आणि तिला कळलं. फार नाही, पण होता: आंबूस, गोडसर, आत काहीतरी नासायला लागल्यासारखा वास. तिने वाडगं ओट्यावर ठेवलं आणि एक पाऊल मागे सरली.

ओनोरीनबाईंनी चिमूटभर सारण घेतलं, नाकाशी नेलं, डोळे मिटून लांब श्वास घेतला. कारखान्यात घ्यायच्या तसाच. मग म्हणाल्या, "छान. जायफळ नीट मुरलंय." आणि सुनेकडे वळून म्हणाल्या, "काय गं?"

"तुम्हाला छान वाटतंय ना," रोझलीन म्हणाली, "मग छानच असणार."

ओनोरीनबाई क्षणभर तिच्याकडे पाहत राहिल्या. मग सारण भरायला लागल्या. थोडं उरलं त्याच्या त्यांनी दोन पानांत दोन पुरचुंड्या बांधल्या आणि त्याही कोबीबरोबर मेंढीच्या हाडांच्या रश्शात सोडल्या. पातेलं चुलीवर चढलं. सासूबाई पहाटेच्या मिस्सेला, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनेला, जाऊन आल्या होत्या, त्या पातेल्यापाशी थांबल्या. बाकीचे मोठ्या मिस्सेला निघाले.

रस्त्याने चालताना रोझलीनचं मन अगदी हलकं होतं. तिने सगळं डोळ्यांसमोर मांडून पाहिलं. कोबी टेबलावर येईल, सुरी लागेल, वाफ निघेल. नणंद नोएली नाकाला रुमाल लावेल. नोएलीचा नवरा काटा खाली ठेवील. कुणीतरी म्हणेल, आई, तुम्हाला वास आला नाही? मग कोंबड्यांना घाला म्हणायची पाळी दुसऱ्या कुणाची असेल. आपण काहीच केलेलं नाही, असंही ती स्वतःशी म्हणाली. सारण तिने केलेलं नव्हतं, कोबी तिने भरलेला नव्हता. ती नुसती उभी होती.

चर्चमध्ये उकडत होतं. नोएलीच्या दोन्ही मुलींनी कोट काढून मामीच्या मांडीवर टाकले. फादरनी वाचायला सुरुवात केली आणि गास्पार गायला उभा राहिला. स्तेफनला गावाबाहेर ओढत नेलं. लोकांनी दगड उचलले. इथपर्यंत दरवर्षीचंच. मग फादरनी पुढची ओळ वाचली आणि गास्पारने ती बोलीत घेतली. मारणाऱ्यांना हात मोकळे हवे होते, त्यांनी अंगरखे काढले, आणि तिथे एक तरुण उभा होता, शौल नावाचा, त्याच्या पायाशी ठेवले. त्याने दगड उचलला नाही. त्याच्या हाताला धूळसुद्धा लागली नाही. तो कपडे सांभाळत उभा राहिला.

गास्पारची सवय अशी, की एखादी ओळ त्याला भिडली की तो ती सोडत नाही. त्याने डोळे मिटले आणि पुन्हा गायलं, खालच्या सुरात, विचारल्यासारखं: तो नुसता उभा राहिला.

रोझलीनने मांडीवरच्या कोटांवरचा हात काढून घेतला.

मला तिने पुष्कळ वर्षांनी सांगितलं, की तेव्हा तिला आधी देव आठवला नाही, नरकही नाही. मुली आठवल्या. मोठी माणसं वास घेतील आणि काटा ठेवतील, पण या भुकेल्या मुली? सकाळपासून तिने इतक्या वेळा ते जेवण मनात वाढलं होतं आणि मुलींचा घास तिला एकदाही दिसला नव्हता. आणि मग सासूबाईंचं ते "काय गं" आठवलं. इतक्या वर्षांत ओनोरीनबाईंनी तिला तिचं मत कधी विचारलं नव्हतं. आज विचारलं होतं. कशासाठी विचारलं होतं ते न कळण्याइतकी ती भोळी नव्हती.

ती उठली. कोट नोएलीच्या मांडीवर ठेवले.

"काय झालं?" एल्झेआर पुटपुटला.

"कोबी."

"आई आहे ना तिथे."

ती उत्तर न देता रांगेतून बाहेर पडली. मागून नोएलीचा आवाज आला, "तिकडे स्तेफनला दगड बसतायत आणि हिचा जीव पातेल्यात." आसपासच्या बायका हसल्या. गास्पार गातच होता. तो कथेचा शेवट, स्तेफन मारणाऱ्यांसाठी क्षमा मागतो तो, रोझलीनने त्या वर्षी ऐकला नाही.

घरी पोचेतो ओनोरीनबाईंनी कोबी बाहेर काढला होता. जाळीत तो मोठ्या चाळणीवर निथळत ठेवला होता आणि त्या टेबलावर चादर अंथरत होत्या. रोझलीनला बघून त्यांच्या कपाळाला आठी पडली.

"कथा संपली इतक्यात?"

"नाही. आई, ते..." आणि तिची नजर पातेल्याकडे गेली. रश्शात पुरचुंड्या नव्हत्या. "त्या दोन पुरचुंड्या कुठं गेल्या?"

"गरिबाचा वाटा नको काढायला? सिफ्रेंला देऊन आले. खोकतोय बिचारा, म्हटलं गरम गरम खाऊ दे, तुम्ही लोक येऊन जेवेपर्यंत थांबायचं कशाला."

सिफ्रें आजोबा म्हणजे आमच्या चर्चचा जुना घंटावाला. त्याला मूलबाळ नव्हतं आणि तो ओनोरीनबाईंच्याच घरात जिन्याखालच्या खोलीत एकटा राहायचा. मागच्या हिवाळ्यात आतड्याच्या दुखण्यातून तो कसाबसा उठला होता. रोझलीन धावली. जिन्याखालचं दार उघडंच असायचं.

म्हातारा पलंगाच्या कडेला बसला होता, मांडीवर ताटली. ताटलीत एकच पुरचुंडी उरली होती.

"आजोबा, खाल्लंत?"

"एक खाल्ली. दुसरीसाठी धीर गोळा करतोय."

"खाऊ नका. सारण बिघडलंय."

"माहितीय. पोट गेलंय माझं, नाक आहे अजून."

रोझलीनने ताटली त्याच्या मांडीवरून उचलली. सणाच्या दिवशी गरिबाच्या पुढ्यातली ताटली हिसकून घ्यायची पाळी तिच्यावर आली होती. "कळलं होतं तर खाल्लं कशाला?"

"ती दारात उभी होती ना. 'कसं झालंय सिफ्रें' म्हणून विचारत होती. आजवर ती मला सांगत आली, कसं झालंय ते. आज विचारत होती. काय बोलणार, म्हटलं फर्स्ट क्लास झालंय. मग एक तरी खायलाच हवी होती." तो खोकला. "तापातून उठल्यापासून चाललंय हे. करपलेलं सूप, लसणाचा खकाणा, मी सगळ्याला फर्स्ट क्लास म्हणत आलोय. बाईने जन्मभर त्या नाकावर भाकरी खाल्ली. आपण कशाला बोलायचं."

रोझलीनने हातातल्या ताटलीकडे पाहिलं. त्यालाही माहीत होतं, तिलाही माहीत होतं, दोघेही गप्प राहिले होते. पण त्याचं गप्प राहणं आणि आपलं गप्प राहणं एका ताटलीत ठेवता येणार नाही, एवढं तिला कळलं. ती वळली तेव्हा तो मागून म्हणाला, "तिच्याशी हळू बोल, पोरी."

ती परत आली तेव्हा ओनोरीनबाईंनी जाळीची गाठ सोडली होती. ताटलीत कोबी अख्खा, गोल, पानांच्या शिरा वर आलेल्या. दिसायला इतका देखणा, की रडू यावं.

"आई, हा वाढू नका. सारण आंबलंय."

"कोण म्हणतं?"

"वास येतोय."

"आत्ता येतोय?"

इथे तिला 'हो' म्हणून सुटता आलं असतं. वास आत्ता आला, धावत आले, वाचवलं सगळ्यांना. कुणी काही विचारलं नसतं.

"सकाळीच आला होता," रोझलीन म्हणाली. "फडकं काढल्या काढल्या."

ओनोरीनबाईंनी हात एप्रनला पुसले. कोरडे झाले तरी पुसत राहिल्या.

"मी विचारलं होतं तुला."

"हो."

"काय गं, म्हटलं होतं मी."

"हो, आई."

"आणि सिफ्रेंने..."

"एक खाल्ली. तुम्ही दारात उभ्या होतात म्हणून."

ओनोरीनबाई खुर्चीवर बसल्या. एकदम म्हाताऱ्या दिसायला लागल्या. रोझलीनला वाटलं, आता ओरडतील, हातातलं काहीतरी फेकतील, आणि ते तिला हवंही होतं. त्या म्हणाल्या एवढंच, "मला वाटलं, तो खरंच म्हणतोय."

तेवढ्यात बाहेर पावलं वाजली. एल्झेआर, नोएली, तिचा नवरा, मुली, सगळे एकदम आत. एल्झेआरने दारातच नाक ओढलं आणि थांबला. "आई, हा कसला..."

ओनोरीनबाई टेबलाला धरून उभ्या राहिल्या. "कोबी आज मिळणार नाही. सारण आंबलं होतं आणि मला कळलं नाही. ताप आला तेव्हापासून माझं नाक गेलंय. काही म्हणजे काही वास येत नाही. सांगायला लाज वाटत होती, आता सांगितलं."

एल्झेआरला आधी थट्टा वाटली. तो हसला, मग त्याचं हसू विरलं.

"पण वहिनी शेजारी होती की," नोएली म्हणाली. "तिलाही नाही कळलं?"

रोझलीनने तोंड उघडलं.

"तिला काय विचारतेस?" ओनोरीनबाई म्हणाल्या. "सारण माझं, कोबी माझा. पाव काप, अंडी आण, मुलींना भूक लागलीय."

टेबलावर आम्लेट आलं, ऑलिव्ह आले, नाताळचे उरलेले अंजीर आणि बदाम आले. कोबी कुत्र्यांच्या तोंडी लागू नये म्हणून एल्झेआर तो शेतात खड्डा करून पुरून आला आणि वातावरण हलकं करायला म्हणाला, "मी म्हटलं फादरना बोलवावं, पण कोबीचा बाप्तिस्मा झालेला नव्हता." मुली खदखदून हसल्या. रोझलीनने पाव ताटलीत तसाच ठेवला. सासूबाईंनी टोमणा मारला असता तर गिळता आलं असतं. त्यांनी तिला झाकून घेतलं होतं आणि तिच्याकडे एकदाही पाहिलं नव्हतं.

दुपार कलताना सिफ्रें आजोबाच्या पोटात कळा सुरू झाल्या. एल्झेआरने त्याला उचलून वर स्वयंपाकघरात आणलं, चुलीजवळच्या बाकावर निजवलं. म्हाताऱ्याला उलट्या व्हायला लागल्या. रोझलीन बादली घेऊन जमिनीवर बसली. ओनोरीनबाईंनी लसूण आणि सेज या औषधी झुडपाची पानं घालून पाणी उकळायला ठेवलं, आमच्याकडे पोट बिघडलं की तेच देतात. नोएली मुलींना घेऊन बाहेर गेली.

दोन कळांच्या मधल्या वेळात म्हातारा एल्झेआरला म्हणाला, "तुझी बायको चर्च सोडून धावत आली. नाहीतर दुसरी पण खाल्ली असती मी, माझा काय नेम. देवाने पाठवली हिला. खरं सांगतो, देवाने."

एल्झेआरने बायकोच्या खांद्यावर हात ठेवला. तो हात रोझलीनला सहन झाला नाही.

"देवाने नाही पाठवलं," ती म्हणाली. "मला सकाळीच कळलं होतं, आजोबा. आईंची फजिती व्हावी म्हणून मी बोलले नाही. सगळ्यांसमोर व्हावी असं वाटत होतं मला. तुमची आठवणसुद्धा नव्हती."

खांद्यावरचा हात निघाला. चुलीवरचं पाणी खदखदत होतं. ओनोरीनबाईंनी मागे वळून पाहिलं नाही, पण त्यांची पळी थांबली.

सिफ्रें आजोबाने मान तिच्याकडे वळवली. "असं होय," तो म्हणाला. पुन्हा कळ आली, त्याने पाय पोटाशी घेतले, आणि दातांमधून म्हणाला, "मग आता बादली नीट धर. मागे पळू नकोस."

ती पळाली नाही. त्याचं डोकं धरलं, तोंड पुसलं, बादली रिकामी करून आली, पुन्हा बसली. एल्झेआर दाराशी उभा होता, त्याला आत यावं की बाहेर जावं ते कळत नव्हतं. रोझलीनच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती ते बाहीने पुसत होती, हात घाण म्हणून.

ओनोरीनबाई पातेलं घेऊन तिच्यासमोर आल्या. सकाळपासून पहिल्यांदा त्यांनी तिच्याकडे नीट पाहिलं. पातेलं तिच्या चेहऱ्याजवळ धरलं.

"लसूण पुरेसा उतरला का बघ," त्या म्हणाल्या. "मला नाही कळत."

रोझलीनने वाकून श्वास घेतला. रडून रडून तिचं नाक पार चोंदलं होतं. तिने पुन्हा घेतला. वाफ फक्त गरम लागली.

"मलाही नाही कळत," ती म्हणाली. "काहीच येत नाहीये, आई."

ओनोरीनबाई तिच्या लाल नाकाकडे पाहत राहिल्या. पातेलं त्यांच्या हातात तसंच होतं.

"एल्झेआर," त्या शेवटी म्हणाल्या, "तू ये इकडे, हुंग."

"कुणीही हुंगा," बाकावरून म्हातारा कण्हत म्हणाला, "पण लवकर हुंगा."